सालीच्या पाण्याचा धंदा

दिवाळी अंकासाठी संडास-बाथरूमवर लिहा, असं सांगणारं कोणी या जन्मात भेटेल असं मला वाटलं नव्हतं. भेटलं. संपादक मुलगी तरुण आहे, उत्साही आहे. "काकू, तुमच्या त्या नैसर्गिक क्लीनरच्या व्यवसायातल्या गमतीजमती लिहा. शेवटी कृती द्या, म्हणजे वाचकांना काहीतरी पॉझिटिव्ह मिळेल." मी हो म्हटलं, कारण पुण्यात कोणी आपल्याला आपणहून 'बोला' म्हणतं ही गोष्टच दुर्मीळ. पण लिहायला बसले तेव्हा लक्षात आलं की गमतीजमती पहिल्या दोन पानांतच संपतायत. तेव्हा ज्यांना चकलीबरोबर हलकंफुलकं वाचायचं असेल त्यांनी खुशाल पान उलटावं. पुढे कुठेतरी राशिभविष्य असेलच.

आमचं घर वारज्याच्या गावठाणातलं. सासरची शेती होती तिथे आता सोसायट्या आहेत. त्याचं मला फार दुःख आहे असं खोटं सांगणार नाही. ज्वारी खुरपायला मी काही हौसेने जात नव्हते. जमीन गेली, मग म्हशी गेल्या आणि घरामागचा गोठा रिकामा पडला. "म्हशी गेल्या, वास तेवढा राहिला," असं आमचे हे म्हणायचे. त्याच गोठ्यात पुढे मी निळे ड्रम मांडले आणि त्या वासात भर घातली.

हे सगळं सुरू झालं मंगलच्या अंगठ्यामुळे. मंगल ही आमच्या मागच्या वस्तीत राहणारी. आमच्याच जुन्या रानावर उभ्या राहिलेल्या सोसायट्यांमध्ये ती बाथरूम धुवायची कामं करायची. धुणं-भांडी नाही, फक्त संडास-बाथरूम. ती कामं बाकीच्या बायका घेत नाहीत, त्यामुळे तिला घरं भरपूर मिळत. नवरा गावी निघून गेलेला, घरात एक मुलगी, दीपा. मंगल आमच्याकडे ताक न्यायला यायची, म्हशी गेल्यावर नुसती बोलायला यायची. एक दिवस आली ती रेशनच्या दुकानातून, रिकामी पिशवी घेऊन.

"वहिनी, मशीन म्हनतंय मी न्हाईच."

मला कळेना. मग तिने हात पुढे केला. दुकानातल्या मशीनवर अंगठा टेकवायचा असतो, तेव्हा धान्य मिळतं. तिचा अंगठा मशीन ओळखत नव्हतं. तिने तो पदराला पुसला होता, थुंकी लावून पाहिली होती, दुकानदाराने तेलही दिलं होतं. बोटांची टोकं गुळगुळीत झाली होती. इतकी वर्षं ॲसिडने फरश्या घासता घासता बोटांवरच्या रेषाच गेल्या होत्या. मी तिचा हात हातात धरून बसले.

ओल्या कचऱ्याचं काय करावं हे शिकवणाऱ्या एका शिबिरात मी त्याच सुमारास गेले होते. तिथे एका बाईंनी संत्र्या-मोसंबीच्या सालींपासून सफाईचं पाणी करून दाखवलं होतं. घरी येऊन मी एका बरणीत करून पाहिलं, आमच्या न्हाणीत वापरलं, बरं वाटलं. मंगलला म्हटलं, हे नेऊन बघ. तिने बाटली उघडून वास घेतला आणि हसली. "ह्ये तर प्यावंसं वाटतंय!"

कृती कुणाला हवीच असेल तर इथेच देऊन टाकते. शेवटी द्यायची मनःस्थिती राहील असं नाही. एक भाग गूळ, तीन भाग साली, दहा भाग पाणी. गूळ काळा, स्वस्तातला घ्यावा. त्यात रंग उजळायची पावडर कमी असते. साली संत्रं, मोसंबी, लिंबू यांच्या. सगळं प्लास्टिकच्या ड्रममध्ये भरायचं, वर थोडी जागा सोडायची. काचेची बरणी घेऊ नये. पहिला महिना रोज झाकण सैल करून गॅस सोडायचा, नाहीतर काय होतं ते आमच्या गोठ्याच्या पत्र्याला विचारा. तीन महिन्यांनी तपकिरी, आंबट वासाचं पाणी तयार होतं, ते फडक्याने गाळायचं. फेस हवा असेल तर रिठे भिजवून, उकळून त्याचा अर्क मिसळायचा, पण तो आयत्या वेळी. आधी मिसळून ठेवला तर आठवड्यात नासतो. हे पाणी चिकटा, तेलकटपणा, मोरीचा वास, शेवाळं काढतं. पण वेळ लागतो. फरशीवर टाकायचं, खिडकी लावायची म्हणजे वाऱ्याने वाळत नाही, दार ओढून घ्यायचं आणि कुकर होईपर्यंत विसरून जायचं. मग घासायचं.

इंटरनेटवर लिंबू आणि खायचा सोडा एकत्र करायला सांगतात, त्याबद्दलही एक सांगते. ते फसफसतं, बघणाऱ्याला वाटतं काय जोर आहे! प्रत्यक्षात ती दोघं एकमेकांनाच संपवतात आणि आपल्या हातात उरतं खारट पाणी. सोड्याने आधी घासावं, धुवावं, मग आंबट लावावं. आणि ब्लीचिंग पावडरजवळ तर आंबट काही म्हणजे काही नेऊ नये, विषारी वायू होतो. हे मी प्रत्येक गिऱ्हाइकाला बाटली हातात देताना सांगत असे. बाटलीच्या कागदावर ठळक छापलंही होतं.

सालींसाठी मी मार्केट यार्डात हिंडले. फळबाजारात सडलेली मोसंबी फुकट मिळतात असं ऐकलं होतं. मिळतात, पण ती सडलेलीच असतात आणि ड्रमला बुरशी लावतात. शेवटी इक्बालभाई भेटले. त्यांचं यार्डाबाहेर ज्यूसचं दुकान, वडिलांच्या वेळेपासूनचं. माणूस चोख. मी साली मागितल्या तेव्हा त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं.

"ताई, बकऱ्यांसाठी का?"

"नाही. बाथरूम धुवायला."

त्यांनी फडक्याला हात पुसले. मग आतल्या पोऱ्याला म्हणाले, "ताईंच्या साली वेगळ्या पिशवीत ठेवायच्या. त्यात स्ट्रॉ दिसली तर तुझी खैर नाही." वर्षानुवर्षं त्यांच्या पिशवीत एकही स्ट्रॉ निघाली नाही. टेम्पोवाल्याकडून पिशव्या वारज्याला पाठवायचे, पैशाचं नाव काढलं की म्हणायचे, "कचऱ्याचे पैसे घेतले तर घरी काय तोंड दाखवू?"

गिऱ्हाइकं मात्र नमुनेदार. सदाशिव पेठेतले एक निवृत्त गृहस्थ बाटली उलटीसुलटी करून म्हणाले, "आतलं सगळं नैसर्गिक. बाटली प्लास्टिकची. म्हणजे विठ्ठल नैसर्गिक आणि देऊळ पत्र्याचं!" बाटली घेतली नाहीच, पण पुढची दहा मिनिटं मला काचेच्या बाटलीचे फायदे सांगितले. वाघोलीच्या नव्या सोसायटीतल्या एका तरुण जोडप्याने मोठा कॅन मागवला आणि आठवड्यात फोन केला, "काकू, इट्स नॉट वर्किंग." मी दोन बस बदलून गेले. टँकरचं पाणी, बोअरचं पाणी. नळावर, काचेवर, फरशीवर क्षारांचा पांढरा थर इतका, की नखाने खरवडला तरी निघेना. लिंबूसताच्या पाण्यात फडकी भिजवून मी नळांना गुंडाळली, दुपारभर बसले. नळ चमकले, फरशी तशीच राहिली. मुलगी बिचारी चांगली होती, तिने मला पोहे केले. पण पुढच्या वेळी गेटवरच्या वॉचमनकडून कळलं की त्यांनी ॲसिडवाला बोलावला होता.

हे मी कबूल करते, म्हणजे करावंच लागतं: सालीचं पाणी स्वच्छ करतं, पण पांढरं करत नाही. आणि आपल्या लोकांना बाथरूम स्वच्छ नको असतं, पांढरं हवं असतं. जुन्या घरांतल्या काळ्या शहाबादी फरशीला माझं पाणी पुरे व्हायचं. नव्या फ्लॅटमध्ये भिंतीपासून जमिनीपर्यंत सगळं पांढरं, आणि त्याला येणारं पाणी मचूळ.

तरी धंदा वाढला. वाढला तो एका घरामुळे, ते पुढे सांगते. मंगल दुपारी गोठ्यात येऊ लागली. झाकणं सैल करायची, गाळायची, बाटल्या भरायची. गाळण्यात तिचा हात माझ्यापेक्षा स्थिर होता. ती आली की गोठ्यात बोलणं सुरू व्हायचं, आणि बोलण्याचा विषय एकच, दीपा.

"माझं झालं त्ये झालं, वहिनी. पोरीच्या हातात ब्रश येऊ द्यायचा न्हाई."

मग आम्ही ठरवलं. जसजशा बाटल्या वाढतील तशी मंगलने एकेक घर सोडायचं. धुणारी बाई न राहता करणारी बाई व्हायचं. ऐकायला साधं वाटतं. पण वस्तीत बाथरूमवाली म्हणून जिला लोक ओळखतात, पाणी पितानाही वेगळा पेला देतात, तिच्यासाठी ते काय होतं ते तिच्या चालण्यात दिसायचं. तिने एकेक घर सोडलं. प्रत्येक वेळी येऊन सांगायची, आज अमक्यांचं सोडलं. एकदा तर पेढे आणले. दीपा तेव्हा बारावीला होती, पुढे नर्सिंगला जायचं म्हणत होती. मंगलच्या बोटांची कातडी हळूहळू बरी होत होती. मी इतकी खूश होते की देवाला काही मागायचीसुद्धा भीती वाटायची.

शेवटी एकच घर राहिलं, निवेदिता मॅडमचं. आमच्या घरापासून चालत दहा मिनिटांवर, मोठ्या सोसायटीत चौथ्या मजल्यावर. त्या एका कंपनीत मोठ्या हुद्द्यावर होत्या, बोलायला गोड. त्यांचं घर मंगलने मुद्दाम ठेवलं होतं, कारण आमचा धंदा त्यांच्यामुळेच उभा राहिला होता. त्यांचं बाथरूम आरशासारखं लखलखीत, पांढरंशुभ्र. शेजारणी आल्या की त्या दार उघडून दाखवायच्या, "बघा, एक थेंब केमिकल नाही. आमची मंगल फक्त सालीचं पाणी वापरते." सोसायटीच्या ग्रुपवर त्यांनी फोटो टाकला आणि आठवड्यात त्याच सोसायटीतून इतक्या बाटल्या मागवल्या गेल्या, की आम्हाला ड्रम वाढवावे लागले. दुसऱ्या सोसायट्यांत तोच फोटो फिरला. मीही गिऱ्हाइकाला तो फोटो दाखवायचे. दुसऱ्यांच्या फरश्या तशा का होत नाहीत याचं उत्तर माझ्याकडे तयार होतं, "त्या नियमाने वापरतात हो. तुम्हाला धीर नाही."

त्या घरात मंगलला एकच त्रास होता. मॅडमना आंबूस वास हॉलपर्यंत आलेला खपायचा नाही. म्हणून ती आत गेली की दार लावून घ्यायची, खिडकीही लावायची, आणि घासून होईपर्यंत आतच राहायची.

पुण्याचं पाणी ज्यांना माहीत आहे त्यांना गुरुवार माहीत असतो. नळांची दुरुस्ती निघाली की गुरुवारी पाणी बंद. त्या गुरुवारी तसं बंद होतं, आणि सोसायटीची टाकीही तळाला गेली होती. दुसऱ्या दिवशी निवेदिता मॅडमकडे सासरची मंडळी येणार होती, म्हणून मंगलला त्यांनी मुद्दाम बोलावून घेतलं होतं. पाणी नसलं तरी आमच्या बाटलीवर काम भागायचं. पुसून घेतलं की झालं. मंगल सकाळीच बाटली घेऊन गेली.

दुपारी ती गोठ्यात आली तेव्हा खोकत होती. डोळे लाल. म्हणाली, "वहिनी, कालचा ड्रम बिघडलाय वाटतं. आज पानी लई उग्र हुतं." मी म्हटलं, डॉक्टरकडे चल. नको म्हणाली, धूळ गेली असंल. चहा घेतला, दोन बाटल्या भरल्या आणि घरी गेली. दुसऱ्या दिवशी दीपा धावत आली. आईला धाप लागलीय, ओठ निळे दिसतायत. रिक्षात घालून आम्ही तिला दवाखान्यात नेलं. डॉक्टर पुन्हा पुन्हा विचारत होते, कशाचा वास घेतलात, काय मिसळलंत, आणि मंगल मान हलवत होती. काही न्हाई. धूळ. सर्दी.

आदल्या दिवशीचं तिचं 'उग्र पानी' त्या गडबडीत मलाही आठवलं नाही. ती मुद्दाम लपवत होती हे मला दोन दिवसांनी कळलं, तिच्याच तोंडून. नाकावर नळी होती, एकेक शब्द ओढून बोलत होती.

"आपल्या पान्याचं नाव... खराब झालं असतं, वहिनी."

मी तिच्यावर ओरडले. दवाखान्यात, आजूबाजूच्या खाटांवरची माणसं बघत असताना, मी आजारी बाईवर ओरडले. पहिल्याच दिवशी सांगितलं असतं तर औषध वेळेवर मिळालं असतं, डॉक्टर नंतर तसं म्हणालेही. पण तिला धंदा वाचवायचा होता. धंदा बुडाला असता तर तिची सुटलेली घरं पुन्हा तिच्या गळ्यात आली असती, म्हणून ती गप्प राहिली.

घरी येऊन मी त्या ड्रमचं पाणी काढलं. वास घेतला, बोट बुडवून जिभेला लावलं. नेहमीचंच आंबट. मग आमच्या बाथरूममध्ये ते ओतलं, खिडकी लावली, दार लावलं आणि आत पाट टाकून बसले. बाहेरून हे हाका मारत होते, "अगं, वेड लागलंय का?" मी बसून राहिले. मला खोकला हवा होता. नाकात झोंबायला हवं होतं. म्हणजे दोष माझ्या ड्रमचा आहे हे तरी कळलं असतं, ड्रम ओतून दिला असता, प्रश्न मिटला असता. काही झालं नाही. संत्र्याचा वास येत राहिला.

मग मी निवेदिता मॅडमकडे गेले. त्यांनी आत बोलावलं, बसवलं, डोळ्यांत पाणी आणून विचारलं, "कशी आहे हो ती? मला झोप लागत नाहीये." खोटं नव्हतं ते. मी विचारलं, त्या दिवशी बाथरूममध्ये अजून काही होतं का?

"नाही हो. म्हणजे, थोडी ब्लीचिंग पावडर. नेहमीची."

"नेहमीची?"

"मंगल यायच्या आदल्या रात्री मी टाकून ठेवते ना. सकाळी ती यायच्या आत मी स्वतः धुवून टाकते, अगदी दोन-दोनदा. तुम्हीच सांगितलं होतंत ना, दोन्ही एकत्र नकोत म्हणून! मी कधी विसरले नाही. त्या दिवशी गुरुवार होता. नळाला थेंब नाही. मला मीटिंगला निघायचं होतं. वाटलं, राहू दे, मंगल पुसून काढेलच."

पांढऱ्या फरशीवर पांढरी पावडर. दिसणार कशी. त्यावर मंगलने आंबट पाणी ओतलं, खिडकी लावली, दार लावलं, आणि वास हॉलमध्ये जाऊ नये म्हणून आत बसून घासत राहिली.

मी कसंबसं विचारलं, "पण मग तुम्ही ब्लीचिंग का टाकत होता? आमचं पाणी होतं ना?"

त्या थोड्या अवघडल्या. "रागावू नका हां. तुमच्या पाण्याने वास छान येतो, पण ते पांढरं नाही ना होत. तुम्ही दोघी इतक्या मनापासून करता, म्हटलं, कशाला बोलून वाईट वाटून द्यायचं."

त्यांनी चहा पुढे केला होता. मी तो प्यायले. पुढे ठेवलेला चहा न घेता उठायचं नसतं एवढंच अंगवळणी पडलेलं. लिफ्टमध्ये उभी राहिले तेव्हा तो फोटो आठवला. ज्या पांढऱ्या फरशीच्या जोरावर आम्ही ड्रम वाढवले, जी दाखवून मी लोकांना धीर धरायला सांगितलं, मंगलने जिच्या भरवशावर एकेक घर सोडलं, ती ब्लीचिंगने पांढरी झाली होती. मॅडम वाईट बाई असत्या तर मला सोपं गेलं असतं. त्यांनी माझी सूचना तंतोतंत पाळली होती, आणि आमचं मन राखलं होतं. यात भांडायचं कुणाशी?

सोसायटीच्या ग्रुपवर निरोप फिरला तो एवढाच, की नैसर्गिक म्हणून विकल्या जाणाऱ्या पाण्याने एका बाईला गंभीर इजा झाली, सर्वांनी बाटल्या टाकून द्याव्यात. मी घरोघर जाऊन खरं काय ते सांगितलं. लोकांनी ऐकून घेतलं. एक गृहस्थ म्हणाले, "म्हणजे तुमच्या पाण्यात ॲसिड असतं तर!" मी म्हटलं, ताकातही असतं, लिंबातही असतं. "म्हणजे शेवटी केमिकलच की," असं म्हणून त्यांनी दार लावलं. ब्लीचिंग पावडर टाकून द्या असं मात्र कुणी कुणाला सांगितलं नाही. ती सगळ्यांच्या घरी आहे, ती सगळ्यांना माहीत आहे.

इक्बालभाईंच्या पिशव्या काही दिवस येत राहिल्या. मग मीच जाऊन नको म्हणून सांगितलं. ते दुकानातून बाहेर आले, खुर्ची पुसून दिली, मोसंबीचा रस पुढे ठेवला. "बहन कशी आहे?" विचारलं; मंगलचं त्यांना टेम्पोवाल्याकडून कळलं होतं. मी सांगितलं. ते म्हणाले, "ताई, तुम्ही चांगलंच करायला गेला होतात." हे वाक्य मला पुढे पुष्कळांनी ऐकवलं. ऐकून काहीही बरं वाटत नाही. ड्रम भंगारवाला घेऊन गेला, गोठ्यात आता दुचाक्या उभ्या असतात.

मंगल वाचली. वाचली म्हणजे जिवंत आहे. छातीचा पंप पिशवीत ठेवते. फोडणीचा धूर सोसत नाही, उदबत्ती सोसत नाही, पावसाळी हवा सोसत नाही. वस्तीतली चढण चढायला मधे दोनदा दगडावर बसते. तिला संत्रं आवडायचं. आता कुणी जवळ सोललं तरी ती उठून बाहेर जाते, आणि उठून जाताना माझ्याकडे बघून ओशाळं हसते. मी तिच्याकडे जाते, बसते, इकडचं तिकडचं बोलते. धंद्याचं आम्ही बोलत नाही.

एकदा अशीच गेले होते तेव्हा दीपा बादलीत ब्रश घेऊन निघालेली दिसली. बारावी झाली होती. नर्सिंगचं पुढच्या वर्षी बघू, असं ठरलं होतं म्हणे. पुढच्या वर्षीही तसंच ठरलं. मंगलने सोडलेली घरं एकेक करून दीपाकडे आली होती; लोकांनी आपणहून बोलावलं, मंगलची मुलगी म्हणजे विश्वासाची. निवेदिता मॅडमनीही बोलावलं. त्यांना वाईट वाटत होतं ना, म्हणून त्यांनी सगळ्यात आधी बोलावलं.

बादलीत ॲसिडची बाटली होती.

"दीपा, काम करतेस ते कर. पण ॲसिड तरी नको गं," मी म्हटलं.

ती थांबली. चिडली नाही, आवाज चढवला नाही. तशी ती शांत मुलगी आहे.

"काकू, ॲसिडचं बरं असतं. झाकण उघडलं की कळतं, हे डेंजर आहे. माणूस आपोआप तोंड फिरवतो, दार उघडं ठेवतो. तुमच्या पाण्याला संत्र्याचा वास यायचा. म्हणून आई आतच बसून राहिली."

मंगल दारात बसून ऐकत होती. एरवी मुलगी मोठ्यांना उलट बोलली की ती लगेच दटावायची. त्या दिवशी तिने दटावलं नाही. मी वाट पाहिली. ती रस्त्याकडे बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी मी बोहरी आळीत जाऊन कोपरापर्यंत येणारे जाड रबरी हातमोजे घेतले आणि दीपाला नेऊन दिले. दुकानात पुरुषी मापाचेच होते. दीपाने ते घेतले, थँक्यू काकू म्हणाली. तिचे हात लहान आहेत. मनगटाला रबरबँड लावून ती ते घालते, पण बोटांची टोकं रिकामी लोंबतात आणि ब्रशवर पकड बसत नाही. त्यामुळे ॲसिड ओतेपर्यंत ती ते घालते, आणि घासायला बसली की काढून बाजूला ठेवते.